माझी पाठ, तिचं तोंड

प्रविणच्या सिनेमात सगळं बोलणं माझं आणि सगळं दिसणं सुनंदाचं. हे माझ्या लक्षात आलं तेव्हा जेवणाची वेळ झाली होती, आणि सकाळपासून कॅमेऱ्यात नुसती माझी पाठ गेली होती.

प्रविण माझा मुलगा. डहाणू रोडला एका स्टुडिओत लग्नाचं शूटिंग करतो. तलासरीपासून झाईपर्यंत कुठेही हळद असो, नवरीच्या पुढे उलटा चालत जाणारा, गळ्यात कॅमेरा अडकवलेला जो लांब केसांचा पोर दिसेल तो माझा. यंदा त्याच्या मनात आलं, दुसऱ्यांच्या नवऱ्या पुष्कळ काढल्या, आता स्वतःचा सिनेमा करायचा. छोटासाच, कपातला चहा निवेपर्यंत संपेल एवढा. इकडच्या पोरांनी केलेले असले सिनेमे डहाणूला एका हॉलमध्ये दाखवणार होते, त्यात द्यायला.

गोष्ट दोन जावांची. भांडून वर्षं झालेली, एकमेकींचा उंबरा बंद. मग थोरलीच्या घरी लग्न निघतं आणि ती धाकलीकडे हळदीचं आमंत्रण घेऊन जाते. आमच्या घराण्यात भावकीला फोनवर बोलावलेलं चालत नाही. पदरात अक्षता घेऊन जावं लागतं, आणि वयाने मोठी बाई स्वतः चालून आली तर धाकलीला नाही म्हणता येत नाही. म्हणूनच मोठ्या बाया सहसा जात नाहीत, पोरांना धाडतात.

थोरली मी आणि धाकली सुनंदा. ती माझी खरोखरची धाकली जाऊ, विष्णू भावजींची बायको. कुंपणापलीकडे त्यांचं घर.

"बाहेरच्या बाया कशाला शोधायच्या?" प्रविण म्हणाला. "घरात दोन आहेत."

लिहिलेलं त्याने आणून दिलं. मला अक्षराला अक्षर लावत जावं लागतं, म्हणून सुनेने वाचून दाखवलं. निलम माझी सून, डहाणू रोडची, तिचे वडील रेल्वेत. पोपटासारखं वाचते. ऐकून मी फुगले. पानभर बोलणं माझं! सुनंदाच्या वाट्याला अगदी शेवटी दोन शब्द, 'येते मी.' म्हटलं, पोराला कळतं कोण काय आहे ते. मागणी घालायला गेलो की मी बोलते. तलाठ्याशी मी बोलते. आमचे मालक होते तेव्हासुद्धा मीच बोलायचे, ते चपला सांभाळायचे. सुनंदा मागे उभी राहून पदर चावते.

आता तिच्यावर माझा राग का, तर प्रविण मला आय म्हणतो आणि तिला धाकली आय. तो लहान असताना मी डहाणूला फुग्यांच्या कंपनीत जायचे. पहिल्या एसटीने जायचं, दिवे लागताना यायचं, हातापायाला पांढरी पावडर, डोक्यात रबराचा वास. तिला तेव्हा पोर नव्हतं. तिने त्याला सांभाळलं. सांभाळलं, मी कुठे नाही म्हणते? पण शेजारणीच्या अंगणात कोंबडी फिरली म्हणून अंडी तिची होत नाहीत. म्हणे धाकली आय. धाकली-थोरली भाकरी असते. आय एकच असते.

शूटिंग माझ्या घरात ठेवलं. तिच्या घराला स्लॅब आहे आणि भिंतीला गुलाबी ऑइलपेंट, तो कॅमेऱ्यात चकाकतो म्हणे. माझ्या कुडाच्या भिंती चांगल्या दिसतात. हे ऐकून मला बरं वाटलं, ते जमिनीवर बसेपर्यंत टिकलं. कारण प्रविणने सुनंदाला मधल्या खांबाला टेकून बसवलं.

मधला खांब म्हणजे घरातल्या मोठ्या बाईची जागा. आधी माझी सासू तिथे बसायची, ती गेल्यापासून मी बसते. पाहुणा दाराकडे, घरची खांबाकडे.

"प्रविण, ती माझी जागा आहे."

"आय, सिनेमात हे धाकल्या आयचं घर आहे. तू बाहेरून आलीस. तू दाराकडे बस."

"आज सिनेमात घर गेलं, उद्या सातबाऱ्यावरून जाईल."

"ताई, तुम्ही बसा इथे," सुनंदा लगेच उठायला लागली. तिचं हेच. उठायचं असं की बघणाऱ्याला वाटावं, बिचारी.

"बस गो, बस. लेकाने बसवलंय ना?" मी म्हटलं.

मग प्रविणने खडू घेतला आणि सारवलेल्या जमिनीवर तिच्या गुडघ्यापासून माझ्या गुडघ्यापर्यंत सरळ रेघ ओढली.

"ही लाइन. कॅमेरा नेहमी चुलीच्या बाजूला राहणार. रेघ ओलांडून पलीकडे जाणार नाही. आणि तुम्ही दोघींनी जागा सोडायची नाही. धाकली आय उजवीकडे बघते, तू डावीकडे बघतेस. असं राहिलं तरच बघणाऱ्याला वाटतं, ह्या दोघी एकमेकींशी बोलतायत."

"वाटायला कशाला पाहिजे? बोलतोच आहोत की."

"आय, कॅमेरा एकच आहे. सकाळी एकीचं घेणार, दुपारी दुसरीचं, मग जोडणार."

निलम एका काठीला बांधलेला केसाळ माईक माझ्या डोक्यावर धरून उभी राहिली. मेलेलं मुंगूस टांगल्यासारखं दिसत होतं. प्रविण माझ्या मागे येऊन बसला, माझ्या खांद्याला कॅमेरा जवळजवळ टेकवून. मला वाटलं, जवळून घेतोय. मी बोलायला लागले. काय बोलले म्हणून सांगू! "माझ्या दारात मांडव पडलाय आणि तुझ्या दाराला कडी आहे. लोक मला विचारतात, धाकली कुठे? काय सांगू त्यांना?" निलमचे डोळे भरले. कोंबडा ओरडला म्हणून एकदा थांबलो, भावजींनी बाहेर मोटरसायकल चालू केली म्हणून एकदा. प्रत्येक वेळी मी पहिल्यापासून बोलले, घसा कोरडा पडेपर्यंत. समोर सुनंदा नुसती बसलेली.

जेवायच्या आधी प्रविणने कॅमेऱ्याच्या छोट्या पडद्यावर दाखवलं. सुनंदा. सुनंदा. सुनंदाचे डोळे. सुनंदा ओठ मिटते, सुनंदा मान खाली घालते. आणि कोपऱ्यात राखाडी रंगाचं काहीतरी, ढेकळासारखं.

"हे काय आहे?"

"तो तुझा खांदा, आय. आणि अंबाडा."

"बोलतेय कोण?"

"तू."

"मग कॅमेरा तिच्याकडे कशाला?"

"बोलणं कानाने कळतं ना. ते कुणाला कुठे लागतंय, ते ऐकणारीच्या तोंडावर दिसतं." हे सांगताना तो माझ्याकडे नाही, पडद्याकडे बघत होता. "धाकली आय काय ऐकते बघ! असं तर शिकवूनसुद्धा येत नाही."

म्हणजे मी देवळातली घंटा. वाजायचं मी आणि लोकांनी बघायचं देवीकडे. सुनंदाने पडदा बघितला, लाजली, म्हणाली, "अगो बाय, मी किती काळी दिसते." दिसत नव्हती. तेच तर दुखत होतं.

जेवायला बसलो. प्रविणने तिच्या ताटात स्वतःहून बोंबलाचा तुकडा वाढला, "धाकली आय, खा, तुला सकाळपासून हलू दिलं नाही." मी तरी कुठे हलले होते? बोलून बोलून जबडा कुणाचा दुखत होता?

दुपारी माझी पाळी. मी तोंड धुतलं, पावडर लावली, अबोलीचा वळेसर माळला.

"आई, सकाळी फुलं नव्हती," निलम म्हणाली. "मागून अंबाडा दिसलाय सगळा."

फुलं काढली. पण मनात ठरवलं ते ठरवलं. सुनंदा हात धुऊन यायच्या आत मी जाऊन मधल्या खांबाला टेकले.

"आय, तिकडे नाही, दाराकडे."

"सकाळी उजेड इथे होता, तर तिचं तोंड उजळलं. आता माझं घ्यायचंय तर इथेच घे. नाहीतर नको घेऊस."

"अगं लाइन..."

"रेघेच्या टोकालाच बसलेय ना? रेघ कुठे पळाली?"

सुनंदा दारात उभी. "मी कुठे बसू रे?"

"तुझं झालं," मी म्हटलं. "घरी जा तू. भावजी उपाशी असतील."

"ते जेवले, ताई."

"मग भांडी असतील."

ती प्रविणकडे बघत राहिली. तो कॅमेरा पुसायला लागला, तशी गेली. त्याने डोकं खाजवलं, दाराबाहेर ऊन बघितलं, माझ्याकडे बघितलं. आयशी भांडायचं की ऊन आहे तोवर काम उरकायचं? निलमला म्हणाला, "क्लोजअप तर आहे. मागे भिंतच दिसेल. कळायचं नाही कुणाला." लग्नं काढणारा पोर. लग्नात मान धरून बसलेल्या बायांना कुणी उठवत नाही, कॅमेराच फिरवतात. तीच सवय इथे नडली.

बघायला समोर माणूस हवा म्हणून निलमने मूठ धरली. "आई, ह्या मुठीकडे बघा." मी मुठीकडे बघून पानभर बोलले. एकदाही चुकले नाही.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी प्रविणने सगळं जोडून टीव्हीवर लावलं. विष्णू भावजी आले, सुनंदा आली, आम्ही पुढे बसलो. सुरू झालं. सुनंदा उजवीकडे बघते. मग मी आले, आणि मीसुद्धा उजवीकडेच बघते. मग ती, उजवीकडे. मग मी, उजवीकडे.

भावजी पोट धरून हसले. "वहिनी, दोघी तिकडे काय बघताय? टोमॅटोचा टेम्पो आलाय का?"

"गप्प बसा ओ," सुनंदा त्यांना म्हणाली, पण तिचंही तोंड वाकडं झालं होतं, हसू दाबताना.

 आणि ते खरं होतं. दोन बाया शेजारी बसून तिसऱ्याच कुणाशी तरी बोलत होत्या. बरं, ती निदान कुणाचं तरी ऐकत होती. माझं तोंड नुसतं चालत होतं. डोळ्यात काही नाही. दारात आलेल्या भांडीवाल्याशी घासाघीस करावी, तसं.

प्रविणने टीव्ही बंद केला. रागावला नाही. रागावला असता तर बरं झालं असतं.

"जाऊ दे, आय. तुझे शॉट काढून टाकतो. तुझा आवाज छान आलाय. तोंड धाकल्या आयचंच ठेवू, ती सांभाळून नेते."

सांभाळून नेते!  डहाणूच्या हॉलमध्ये माझ्या पोराचा सिनेमा लागणार, आणि त्यात त्याच्या आयचा खांदा. लोक विचारतील, ही बाई कोण? तो म्हणेल, धाकली आय. आणि हा अंबाडा कुणाचा?

सगळे गेल्यावर मी त्याला म्हटलं, "परत घे माझं."

"घेतो. पण दाराकडे बसायचं. आणि समोर धाकली आय पाहिजे, मूठ चालणार नाही. उद्या शेवटचा दिवस आहे, परवा द्यायचाय."

"मग बोलव तिला."

"मी नाही बोलवणार," तो म्हणाला. पहिल्यांदा जरा कडक बोलला. "तू हाकललंस, तू बोलव."

सकाळी मी कुंपणाच्या फटीतून पलीकडे गेले. आम्ही रोज बोलतो, पण कारणाशिवाय मी तिच्या ओट्यावर कधी जात नाही, तीच येते. ती सुपात जवळा निवडत बसली होती. मला बघून उठली नाही. ह्या खेपेला उठली नाही.

"या, ताई. बसा."

"बसायला नाही आले. प्रविणला परत घ्यायचंय माझं."

"घ्या की."

"समोर तू पाहिजेस."

"मी दिसणार का त्यात?"

"नाही. कॅमेऱ्याच्या बाजूला बसायचं नुसतं."

तिने जवळ्यातला एक खडा काढून फेकला. "म्हणजे तुमचं ऐकायला पाहिजे कुणीतरी."

"हो."

"निलमची मूठ नाही का मोकळी?"

माझ्या जिभेवर उत्तर आलं होतं, चांगलं झणझणीत. गिळलं. पोराच्या सिनेमात तोंड दिसायचं होतं मला. "ये गो, सुनंदा," मी म्हटलं. "तुझ्याशिवाय माझे डोळे मेल्यासारखे दिसतात."

ती सूप खाली ठेवून आली. पाय ओढत आली, पण आली.

ह्या वेळी मी दाराकडे. ती खांबाजवळ, अगदी कॅमेऱ्याच्या कानाशी. प्रविण म्हणाला, "धाकली आय, तू बोलू नकोस. नुसतं ऐक. आय, तू तिच्याकडेच बघ, कॅमेऱ्याकडे नाही."

मी सुरू केलं. मांडव, दार, कडी, सगळं बरोबर. आणि बोलता बोलता तिच्याकडे बघायची पाळी आली. खरं सांगते, इतकी वर्षं हिच्याशी बोलतेय, पण मी हिच्याकडे बघत नाही. चुलीकडे बघते, कोंबड्यांकडे बघते, हिच्या मागच्या भिंतीकडे बघते. आज बघावं लागलं. ती ऐकत होती. मी 'लोक विचारतात' म्हटलं की तिची हनुवटी एवढीशी हलायची. मी थांबले की तिचा श्वास थांबायचा. कॅमेरा तिच्याकडे नव्हता, तरी तसंच. म्हणजे दाखवायला नव्हतं ते. ती अशीच ऐकते. आणि माझा पोर बोलायला शिकला तेव्हा अख्खा दिवस ह्या तोंडापुढे बसून शिकला. मी यायचे ती पावडरीत माखलेली, जेवून झोपणारी.



पुढचं वाक्य प्रविणनेच लिहिलं होतं: 'माझ्या पोराला तू कडेवर घेतलंस, ते विसरले नाही मी.' परवा मुठीपुढे धडाधडा बोलून गेले होते. आज 'कडेवर घेतलंस' पर्यंत आले आणि पुढचं गेलं. तोंडातून वेगळंच आलं.

"दिवसभर काय बोलायचा गं तो तुझ्याशी?"

निलमने प्रविणकडे बघितलं. तो हलला नाही. कॅमेरा चालूच.

सुनंदाला बोलायचं नव्हतं. एरवी माझ्यापुढे ती गप्पच राहते. आज नाही राहिली.

"काय बोलणार, ताई? तुमचंच विचारायचा. आय कुठवर आली? फुगे आणणार का? मी गोष्ट सांगायचे, त्याचं लक्ष नसायचं. आणि तुम्ही त्या वळणावर दिसलात की माझ्या कडेवरून असा सुटायचा, पदर फाटला माझा दोनदा. वळून नाही बघायचा हो. दिवसभर भरवलं, धुतलं, निजवलं मी. पळताना मला पाठ दिसायची त्याची." तिने नाक पुसलं. "मी तशीच उभी राहायचे कुंपणाशी. तुम्ही त्याला घेऊन आत जायचात. या म्हणून नाही म्हणालात कधी."

ऐकून घ्यायची पाळी आज कुणावर आली? माझ्यावर! मी तिच्याकडे बघत बसले. काय बोलू, मला वाटायचं ही भरल्या ताटावर बसलीय, आणि ही रोज संध्याकाळी माझ्यावर जळत उभी होती. चांगलीच जळत होती, आवाजावरून कळत होतं.



"झालं का रे?" सुनंदा उठली. "दूध तापत ठेवलंय मी." आणि गेलीसुद्धा.

प्रविण कॅमेऱ्याला डोळा लावून तसाच बसला होता. निलम म्हणाली, "अहो, बंद करा ना." तेव्हा त्याने बंद केलं, आणि परसात जाऊन चूळ भरतो म्हणून बराच वेळ चूळ भरत राहिला.

संध्याकाळी त्याने जोडलं. आम्हां तिघींना बोलावलं, भावजींना नाही.

"आय, तुझे पानभर डायलॉग एकीकडे आणि हा शॉट एकीकडे," तो म्हणाला. "पण हे सिनेमातलं नाही, घरातलं आहे. हॉलमध्ये सगळी माणसं बघणार. तुम्ही सांगा. ठेवू की काढू? काढलं तर मग तुझा खांदाच राहील."

"काढ," सुनंदा म्हणाली. "घरातलं चव्हाट्यावर कशाला?"

मी विचारलं, "ह्यात माझं तोंड किती वेळ दिसतं?"

"अख्खा शॉट. तूच आहेस."

"हिच्यापेक्षा जास्त?"

निलम हसू दाबत म्हणाली, "आई, सगळ्या सिनेमात सगळ्यात लांब शॉट तोच आहे."

"मग ठेव."

"पण बोलणं माझं आहे हां त्यात," सुनंदा म्हणाली.

"असू दे तुझं. लाव रे परत."

त्याने परत लावलं. आवाज तिचा येत होता आणि मी ऐकत होते, जन्मात कुणाचं ऐकलं नाही तशी. पावडर नाही, फुलं नाही. म्हातारी दिसत होते. प्रविण टीव्हीच्या अगदी पुढे जाऊन मांडी घालून बसला होता, तोंड उघडं ठेवून, फुगा बघतो तसा माझ्याकडे बघत. सुनंदा टीव्हीकडे बघतच नव्हती. तो कुणाकडे बघतोय ते बघत होती.

ते मला दिसलं, आणि मला बरं वाटलं. खोटं कशाला बोलू?